हजेरीचं दार

१

माळधामणीच्या शाळेत खिचडी शिजवायला लागून शकुबाईला चौदा वर्षं झाली होती. शिरड शहापूरच्या रस्त्यावरून आत सहा किलोमीटरवर हे गाव. शाळा म्हणजे दोन खोल्या, एक लांब व्हरांडा, त्रेचाळीस लेकरं आणि दोन गुरुजी, त्यातले एक कायम कुठल्या तरी सर्वेक्षणावर. व्हरांड्याच्या टोकाला पत्र्याची खोली होती आणि तिथे शकुबाईचं राज्य होतं. सकाळी नऊला ती आणि मदतीची जाहेदा आत शिरायच्या, तांदूळ निवडायच्या, डाळ धुवायच्या आणि साडेबाराला पातेलं उतरवायच्या. चौदा वर्षांत पाच हेडमास्तर आले नि गेले, पण कुठलं लेकरू किती खातं हे शकुबाईइतकं कोणाला ठाऊक नव्हतं. कोमल दोन घासांतच ताट पुढे सरकवणार. जाहेदाचा वासिफ दोनदा मागणार. आणि शकुबाईची स्वतःची नात सृष्टी खिचडीतले वाटाणे एकेक वेचून ताटाच्या काठाला लावणार, आजीची पाठ वळली की कोंबड्यांना टाकणार. सृष्टी दुसरीत होती. आईबाप पुण्याला कंपनीत, त्यामुळे पोर आजीआजोबांपाशीच वाढत होती.

दिवाळीची सुट्टी संपून शाळा उघडली त्या दिवशी एक जीप आली. टोपी घातलेल्या दोघांनी व्हरांड्यात, वर्गाच्या दाराला लागूनच, एक चौकट उभी केली. स्टीलचे दोन खांब, वर आडवी पट्टी, खाली उंबरठ्याच्या जागी काळी गुळगुळीत पाटी. लेकराने नुसतं त्यातून वर्गात जायचं, हजेरी आपोआप लागणार. "मोठ्या माणसांनी जायचं नाही, नोंद बिघडते," टोपीवाला म्हणाला. भागवत सरांनी, म्हणजे सध्याच्या हेडमास्तरांनी, कागदावर सही केली आणि जीप गेली. ती पुन्हा कधी आली नाही.

गावात ट्रॅक्टर येवो नाहीतर पिठाची गिरणी, हळदकुंकू वाहिल्याशिवाय कोणी चालू करत नाही. शकुबाईने आपणहून पुढे होऊन चौकटीला हळदीची पाच बोटं ओढली, कुंकू लावलं, नारळ फोडला. आणि वर हक्काने म्हणाली, "सर, पयला मान आमच्या सृष्टीचा."

त्या सकाळी घरात सृष्टीची तांबडी रिबीन सापडली नव्हती. घाई होती म्हणून शकुबाईने जुन्या इरकली लुगड्याचा मोरपंखी काठ फाडून त्याच्या दोन पट्ट्या केल्या होत्या आणि पोरीच्या दोन वेण्या त्यांनी बांधल्या होत्या. पोर मिरवत, हसत चौकटीतून वर्गात गेली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. पत्र्याच्या खोलीत फळीवर रचलेली ताटं एकदाच खणखणली.

दुपारी जेवायला बसली तेव्हा सृष्टीच्या वेण्या सुटलेल्या होत्या आणि इरकलीच्या पट्ट्या कुठेच नव्हत्या. "सोन्यासारखा काठ घालवलास," म्हणून शकुबाईने तिला एक धपाटा घातला. पोर रडली नाही की काही बोलली नाही. खाली मान घालून जेवत राहिली, आणि त्या दिवशी तिने वाटाणे खाल्ले.

२

आठ दिवसांत पातेलं खरवडून रिकामं व्हायला लागलं.

शकुबाईला आधी बरंच वाटलं. शिजवणाऱ्या बाईला दुसरं काय हवं असतं? पण मग कोमलने तिसऱ्यांदा ताट पुढे केलं. चौथीतली मोठी पोरं बोटांनी ताटं निपटून, मग चाटून परत आणू लागली. आणि कोणी बोलेना. शकुबाईला पातेल्यापेक्षा हे जास्त लागलं. त्रेचाळीस लेकरं ओळीने बसून जेवतात आणि कुणी कुणाला ढकलत नाही, कुणी कुणाची चुगली करत नाही, फक्त बोटं ताटाला घासल्याचा आवाज येतो. तिच्या चौदा वर्षांत असं कधी झालं नव्हतं.

मग नखांचं झालं. दर शुक्रवारी जेवणं उरकली की ती लेकरांना हौदापाशी बसवून नखं कापायची. शनिवारी नखं कापू नयेत, मंगळवारी तर नाहीच नाही, म्हणून शुक्रवार. सोमवारी ताट घ्यायला हात पुढे आले तेव्हा सगळ्यांची नखं वाढलेली. तिने स्वतःलाच दोष दिला. वय झालं, विसरले असेन. पुढच्या शुक्रवारी तिने एकही बोट सोडलं नाही. सोमवारी पुन्हा तेच. तेव्हा मंगळवारी, रीत मोडून, देवाची माफी मागून, तिने सकाळी घरीच सृष्टीची दहाही बोटं अगदी मुळापासून कापली. दुपारी पोरीने ताट धरलं. प्रत्येक बोटाचं नख तांदळाच्या दाण्याएवढं वर आलं होतं.

"वाढतं अंग हाय," तिचा नवरा सोनाजी रात्री जेवताना म्हणाला. "आन थंडीत भूक लागतीच."

"आन ताटं वाजतेत ती?"

"आपल्याकडं जमीन गुडगुडती, भांडी वाजतेत. त्यात नवं काय?" हे खरंच होतं. या पट्ट्यात जमिनीच्या पोटातून अधूनमधून आवाज येतो, घरं थरथरतात, पेपरात बातमी येते आणि लोक पुन्हा कामाला लागतात.

"रोज सव्वादहाला गुडगुडती व्हय? त्रेचाळीस खेपा? एकेक लेकरू आत जाईल तशी?"

सोनाजीने मोबाइलचा आवाज वाढवला. बायकोशी वाद घालून जिंकल्याचा अनुभव त्याच्या गाठीला नव्हता.

दुसऱ्या दिवशी डाळ धुता धुता जाहेदानेच विषय काढला. "मावशी, वासिफची पँट बघितली? सुट्टीत नाहिदच्या लग्नाला शिवली. घोट्याच्या खाली दोन बोटं ठेवून शिवली, वाढता हाय म्हणून. आता बघा, नडगीवर आली." ती हसायला गेली, पण हसू तोंडावर टिकलं नाही.

सव्वादहा झाले. बाहेर लेकरं रांगेत उभी राहिली. फळीवरची ताटं वाजायला लागली, एक, दोन, तीन, आणि दोघी हात थांबवून ऐकत राहिल्या.

३

गावाने काय केलं म्हणता? गाव खूश होतं.

कारण लेकरं हुशार झाली होती. दुसरीतल्या पोरांना तीसपर्यंतचे पाढे. तिसरीची कोमल पेपर वाचून दाखवायची, न अडखळता. वासिफ तोंडी भागाकार करायचा. केंद्रप्रमुख येऊन भागवत सरांचा हात हलवून गेले, शिरडच्या स्पर्धेत पहिले तीन नंबर माळधामणीचे आले, आणि सरांची छाती शर्टात मावेना. जी लेकरं दिवाळीआधी 'कमळ' वाचताना घाम गाळत होती ती महिन्याभरात एवढं कुठून शिकली, हे एकाही आईबापाने विचारलं नाही. फुकट मिळालेल्या गोष्टीला कोणी उगम विचारत नाही.

विचारलं ते शकुबाईला. कशाचं? तांदळाचं.

महिन्याचा तांदूळ बारा दिवसांत संपला. पालकसभेत, सगळ्यांसमोर, भागवत सरांनी घसा साफ केला. "शकुबाई, लेकरं तीच, हजेरी तीच. मग तांदूळ जातो कुठं?"

"लेकरांच्या पोटात."

"पोटं काय महिन्यात दुप्पट झाली का?"

लोक हसले. पुढे बसलेला मोहनसिंग, ज्याचा ट्रॅक्टर शाळेच्या भिंतीला टेकूनच उभा असायचा, तो मिश्यांत म्हणाला, "चौदा वर्सं झाली मावशीला. हात चिकट व्हतोच."

शकुबाईच्या तळपायाची आग मस्तकात गेली. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ते हेच. तिने खांद्याची पिशवी उतरवून तिथेच उलटी केली. चुन्याची डबी, एक रुमाल, नखं कापायचं यंत्र आणि सृष्टीची तांबडी रिबीन, एवढं जमिनीवर पडलं.

"बघा! एक दाना घावला तर ह्या शाळेच्या पायरीवर पुन्हा पाय ठेवणार न्हाई. आरं, तुमची लेकरं वाघावानी खाऊन राहिली, तुमच्या डोळ्याला दिसत न्हाई? घरी खात न्हाईत का? खरं सांगा, घरी किती भाकरी लागतेत आता?"

बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. कोमलची आई तोंड उघडता उघडता थांबली.

"त्यांची नखं बघा. त्यांच्या चड्ड्या बघा. सर, ते दार बंद करा. तांदूळ बराबर पुरंल."

मग मात्र गलका उठला. दार बंद करायचं? लेकरं शिकून राहिली ते हिला बघवत नाही. अडाणी ते अडाणीच. भागवत सरांनी हात वर करून सगळ्यांना शांत केलं आणि गोड आवाजात सांगितलं की सोमवारपासून स्वयंपाकाला दुसरी बाई पाहू.

शकुबाईने वस्तू गोळा केल्या. एवढ्या लोकांमध्ये एकालाही आपल्या लेकराचा हात हातात घेऊन पाहावंसं वाटलं नाही, याचाच तिला जास्त राग आला होता.

४

गुरुवारी सृष्टीचा दात पडला.

वरचा, समोरचा, चार दिवसांपासून हलत होता. शाळेची घंटा व्हायला पाच मिनिटं असताना पत्र्याच्या खोलीत तिने जिभेने ढकलला आणि तो तळहातावर आला, मुळाशी रक्त लागलेला. दुधाचा दात शेणाच्या गोळ्यात घालून घराच्या पत्र्यावर फेकायचा असतो, म्हणजे नवा सरळ येतो. संध्याकाळी फेकू म्हणून शकुबाईने तो पदराच्या टोकाला गाठ मारून ठेवला. सृष्टीने पाण्याने चूळ भरली, हिरडीतल्या खळग्यात बोट घालून पाहिलं, हसली आणि रांगेत पळाली.

त्या दिवशी, नारळ फोडल्यानंतर प्रथमच, शकुबाई चौकटीजवळ जाऊन उभी राहिली. खांबावर तिच्याच हळदीची पाच बोटं अजून होती. चौकटीतून पलीकडे वर्ग साफ दिसत होता, फळा, भिंतीवरचा नकाशा, बाकांची पहिली रांग. सृष्टीने उजवा पाय टाकला. मग डावा. मध्ये काहीच झालं नाही. पापणी लवायलाही वेळ नव्हता. तिकडे ताटं खणखणली आणि इकडे पोर वर्गात उभी होती.

मग सृष्टीने मागे वळून आजीकडे पाहिलं. वर्षाने माहेरी आलेली बाई उंबऱ्यात उभ्या असलेल्या आईकडे पाहते, तसं पाहिलं.

शकुबाईने खिडकीशी जाऊन हाक मारली. "हिकडं ये. आ कर."

खळगा नव्हता. तिथे दात होता. नवा, रुंद, काठाला करवतीसारखे कंगोरे असलेला, अर्ध्याहून जास्त वर आलेला. शकुबाईने पदराची गाठ सोडली. दुधाचा दात होता तिथेच होता, आणि त्याच्या मुळाचं रक्त अजून ओलं होतं.

आपलंच चुकत असेल. ती मनाशी म्हणाली, दुसरा दात असेल. शेजारचा असेल. तिने बोट घालून चाचपून पाहिलं, एकदा नव्हे, तीनदा. पोर मुकाट तोंड उघडं ठेवून उभी होती.

"सृष्टे, तिथं किती येळ असता गं?"

"लई."

"लई म्हंजे किती?"

"तिथं दिस मावळत न्हाई आज्जे. मोजावं कसं?"

"काय करता?"

"पाढे म्हणतो. वाचतो. बसतो."

"कोन शिकवतं?"

सृष्टीने मान हलवली. नाही म्हणायला हलवली की सांगायचं नाही म्हणून, ते कळलं नाही.

"आन खायाला?"

"तिथं जेवाय देत न्हाईत." तिने हे अगदी साध्या आवाजात सांगितलं, तक्रार नव्हतीच. "मंग घंटा व्हती. पुढच्या रांगेतली असती ती भायेर येती. मागची ऱ्हाती."

"मागची कोन?"

"मीच की," सृष्टी म्हणाली आणि बाकावर जाऊन बसली.

लेकराचं बोलणं, त्याला काय शेंडा नि बुडखा. शकुबाईच्या कानात ते शेवटचं शिरलंच नाही. तिच्या कानात एकच वाक्य अडकलं होतं. जेवायला देत नाहीत. चौदा वर्षांत तिच्या हातून एक लेकरू उपाशी परत गेलं नव्हतं. पातेलं लागलं तर घरून भाकरी आणून वाढल्या होत्या. आणि हे कोण, कुठले, लेकरांना नेतात, दिवस दिवस बसवतात, पाढे घोकून घेतात आणि घासभर अन्न देत नाहीत?

ती तडक ऑफिसात शिरली आणि दात टेबलावर ठेवला. भागवत सरांनी सृष्टीला बोलावलं, तोंडात पाहिलं. एकदाच पाहिलं. मग त्यांचा हात मागे खुर्ची शोधत गेला.

"या वयात दात येतातच," ते म्हणाले.

"पंधरा मिन्टात?"

"शकुबाई, माझ्या हातात नाही. त्या लोकांना मी रोज फोन लावतोय, लागत नाही. काढायचं तर वरून लेखी पाहिजे."

म्हणजे त्यालाही कळलं होतं. केव्हापासून कोण जाणे. शकुबाईने त्याच्या डोळ्यांत डोळे घालून विचारलं, "तुमचं पोरगं जातंय का ह्याच्यातून?"

सरांचा मुलगा हिंगोलीला इंग्रजी शाळेत होता.

५

शुक्रवारी सृष्टीला तिने घरीच ठेवलं. सोनाजीला बजावलं की पोर डोळ्याआड होता कामा नये. स्वतः आठलाच शाळेत आली, होता नव्हता तेवढा तांदूळ काढला आणि मोठं पातेलं चढवलं, गावजेवणाला काढतात ते. जाहेदाने कांदा चिरून दिला, वाटाणे सोलून दिले, आणि शकुबाई डोक्यावर चुंबळ ठेवायला लागली तेव्हा तिचा दंड धरला.

"मावशी, मोठ्यांनी जायचं न्हाई म्हणले ना ते?"

"उपाशी लेकरांनी बी जायचं नसतंय. उचलू लाग."

"मी येते संगं."

"तू हितंच थांब. वासिफला धरून ठेव. मी येईस्तोवर एक बी लेकरू आत गेलं न्हाई पायजे."

सव्वादहाला रांग लागली होती. फाटकाशी लेकरांना सोडायला आलेले आईबाप होते, मोहनसिंगही होता. डोक्यावर वाफाळतं पातेलं आणि हातात वाढायचं ओगराळं घेऊन शकुबाई रांगेच्या पुढे येऊन उभी राहिली. ऑफिसातून भागवत सर पळत आले. "शकुबाई! नोंद बिघडेल!"

"बिघडू दे मेली," शकुबाई म्हणाली आणि चौकटीत पाय टाकला.

वर्ग तोच होता. फळा तोच, नकाशा तोच. खिडक्यांतून उजेड येत होता, पण तो सकाळचा नव्हता नि दुपारचाही नव्हता. ताटांचा आवाज आला नाही. कसलाच आवाज नव्हता, फक्त खूप तोंडं हळू आवाजात एकोणतीसचा पाढा म्हणत होती. बाकांच्या पहिल्या रांगेत गावातली लेकरं बसली होती. कोमल होती, वासिफ होता, जो आत्ता बाहेर आईने धरून ठेवलेला होता. त्यांच्या मागे दुसरी रांग होती. तिसरी होती. मागची भिंत जिथे हवी तिथे नव्हती.

तिने भिऊन परत फिरायला हवं होतं. पण पहिल्या रांगेतल्या कोमलने पातेल्याकडे पाहिलं आणि पाढा थांबवून दोन्ही हातांची ओंजळ पुढे केली. शकुबाईला एवढा संताप आला की भीतीला जागाच उरली नाही.

"ताटं कुठं हायती? कोन हाय हितला मोठा? भायेर या! लेकरं पोसता येत न्हाईत तर कशाला आनता रे? कशाला आनता?"

कोणी आलं नाही. मग तिने पातेलं खाली ठेवलं आणि वाढायला सुरुवात केली. ताटं नव्हती म्हणून ओंजळीत वाढलं, फुंकर घालून. एक रांग झाली की पातेलं ओढत पुढच्या रांगेला. तिसऱ्या रांगेपर्यंत खिचडी निवली. दुसरी कोमल आली, तिसरी आली, प्रत्येक वेळी थोडी उंच, थोडी वाळलेली. शकुबाईने चेहरे बघणं सोडून दिलं आणि फक्त हात बघत वाढत राहिली. लहान हात. मग पोरासोरांचे नव्हेत असे हात. मग शिरा फुगलेले. तिने ओगराळं अर्धं केलं, मग पाव केलं. किती वेळ गेला हे तिला कळायला मार्ग नव्हता. उजेड हलत नव्हता.

पातेल्याच्या तळाला खरवड तेवढी राहिली तेव्हा तिच्यासमोर जे हात आले ते तिच्या स्वतःच्या हातांपेक्षा म्हातारे होते. शकुबाईने नको नको म्हणत वर पाहिलं. शाळेचा निळा फ्रॉक होता, शिवणीत उसवून उसवून पुन्हा गाठी मारलेला. पांढऱ्या केसांच्या दोन वेण्या होत्या. आणि वेण्यांना बांधलेल्या पट्ट्यांचा रंग पार विटला होता, पण इरकलीचा काठ शकुबाईने आंधळी झाली असती तरी बोटांनी ओळखला असता.

म्हातारीने खरवड घेतली. त्यातला एक वाटाणा वेचून तिने तळहाताच्या कडेला लावला.

"आज्जे," ती म्हणाली, "माझा नंबर आजून आला न्हाई."

घंटा झाली.

६

व्हरांड्यातल्या लोकांना शकुबाई आत गेलेली दिसली आणि लगेच चौकटीतच उभी असलेली दिसली. फळीवरची ताटं एकदा खणखणली, एवढंच. पण तिच्या पायाशी पातेलं पडलेलं होतं आणि त्यात वाफ नव्हती. तळाला पापुद्रा वाळून भेगाळला होता. ओगराळं एका कडेने झिजून धारेला आलं होतं. आणि शकुबाईची नखं वाढून आत वळली होती.

बायकांपैकी कोणीतरी किंचाळलं. कोमलच्या आईने कोमलला उचललं आणि तिचे हात उलटेपालटे करून पाहू लागली, जे तिने पालकसभेच्या दिवशीच करायला हवं होतं. आता सगळ्यांना सगळं दिसायला लागलं. चड्ड्या दिसल्या, नखं दिसली, भाकऱ्या आठवल्या. भागवत सर 'लेखी पाहिजे' म्हणाले तेव्हा त्यांना दोघांनी बाजूला सारलं. मोहनसिंग ट्रॅक्टरकडे पळाला आणि पहार घेऊन आला, त्याच्या मागे आणखी चारपाच जण कुदळी, साखळदंड घेऊन आले. हात चिकट होतो म्हणणाऱ्या त्याच तोंडाने तो म्हणाला, "मावशी, तुमी बराबर व्हता. सरका. मुळासकट उपटून टाकतो ह्याला."

शकुबाई सरकली नाही.

"मावशी, सरका ना."

"हात लावायचा न्हाई," शकुबाई म्हणाली. चौकटीच्या दोन्ही खांबांना, आपल्याच हळदीच्या बोटांवर हात टेकून ती आडवी उभी राहिली. "कुनी बी हात लावायचा न्हाई."

"अवं, तुमीच म्हणल्या व्हत्या ना बंद करा म्हणून!"

"म्हणले व्हते. मला कुठं ठावं व्हतं?" तिचे डोळे भरले, पण आवाज चढतच गेला. "तोडता? आन मंग आतली कुठून येतील? तुझी पोरं हायती आत, मोहनसिंग. म्हातारी झाली तुझी पोरं. ह्या जाहेदाचा वासिफ हाय, धा बारा वासिफ हायती. शेवटच्याच्या तोंडात दात न्हाईत. तोड! तोड, हिंमत असंल तर!"

पहार मोहनसिंगच्या हातात तशीच राहिली. जाहेदा वासिफला दोन्ही हातांनी कवटाळून खाली बसली होती आणि चौकटीकडे बघत होती.

गलका ऐकून सोनाजी सृष्टीला घेऊन आला होता. पोर गर्दीतून वाट काढत पुढे आली. नव्या रुंद दाताने खालचा ओठ चावत तिने आजीची वाढलेली नखं पाहिली, रिकामं पातेलं पाहिलं.

"माझी नात आत हाय," शकुबाई सगळ्यांना ओरडून सांगत होती. "मीच घातली, मान म्हणून, हळदकुंकू लावून. पयल्या दिवसापासून बसलीया. तिचा नंबर येईस्तोवर हे दार हलणार न्हाई, आन रोज हितं चूल पेटंल. तांदूळ न्हाई म्हणंल त्याला बघून घेते मी."

सृष्टीने तिच्या लुगड्याचा सोगा ओढला.

"आज्जे, मी हितं हाय की."

शकुबाईने खाली पाहिलं. पोरीचं तोंड ओंजळीत घेतलं आणि बराच वेळ बघितलं, नाक, कपाळ, तो दात. मग खांबाला पुन्हा हात टेकला.

"व्हय माय," ती म्हणाली. "तू बी हायस."